सरनोबत कोणाले म्हणतात

मु. निंबखेड, पोस्ट पिंपळगाव राजा
ता. ३ जून १९२७

दोस्त फकीर मोहम्मद यास किसनराव सरनोबताचा राम राम, अन् मागून सलाम.

तुह्यं पत्र येऊन दीड वर्ष झालं. उत्तर दिलं नाही म्हणून शिव्या देशीन त दे. गावात आता मले शिव्या देणारं कोणी राह्यलं नाही. जहांआरा पोरीले आशीर्वाद सांग.

काम आहे म्हणून लिहून राह्यलो, खोटं कशाले बोलू. सोबत आमच्या घरचा जुना कागद आहे. फारसी आहे. आज्यानं बापाले दाखवला, बापानं मले दाखवला, वाचला कोणीच नाही. तू बुऱ्हानपुरात लोकाइचे जुने कागद वाचून देत होता, म्हणून तुह्याकडं पाठवतो. अस्सल आहे, जपून ठेव. त्यात पाहून मले एवढंच सांग, का सरनोबत कोणाले म्हणतात.

काऊन विचारतो ते पहिल्यापासून सांगतो. तुले अर्धं माहीत आहे, पण गाव सोडून तुले बारा वर्षं झाली.

दसऱ्याले सूर्य निघाला का आमच्या घरच्या कर्त्या माणसानं गढीच्या दरवाज्यात उभं राहायचं. कमरेले तलवार. टेकायचं नाही, बोलायचं नाही, पाणी प्यायचं नाही. घरचं माणूस येऊन ‘झाली नौबत, उतरा’ म्हणन तवाच खाली बसायचं. परक्यानं म्हटलेलं चालत नाही. गढीत आता काहीच नाही, आतमध्ये कपाशी पेरतात. पण दरवाजा सागाचा आहे अन् मी दर साल त्याले तेल देतो. माह्या बापाले माही माय उतरवत होती. मले बत्तीस वर्षं आमच्या झुंबरबाईनं उतरवलं. पुरणाचा सैपाक झाला का तांब्या घेऊन यायची अन् म्हणायची, ‘झाली तुमची नौबत, उतरा आता, पोळ्या निवून राह्यल्या.’

ती गेली, त्याले तीन वर्षं होतीन. तीन दसरे झाले, मले कोणी उतरवलं नाही. पहिल्या साली दिवाबत्तीपर्यंत उभा होतो, मंग पडलो. शेजारच्या शालूबाईनं माणसं बोलावली, त्याइनं उचलून नेलं. दुसऱ्या सालीही पडलो. मागच्या साली पडलो नाही, पण उतरलो असंही नाही. अंधार पडल्यावर चोरासारखा घरी चालत आलो. तसं पाह्यलं त मी अजून उभाच हाव.

निवृत्तीले दर साल पत्र टाकतो का दसऱ्याले ये, दोन शब्द म्हण अन् जाय परत आपल्या नागपूरले. एकुलता एक पोरगा, कचेरीत कारकून आहे. येत नाही. आता फाल्गुनात त्यानं लिहिलं, ‘बाबा, कचेरीत विचारतात सरनोबत म्हणजे काय. एक जण म्हणतो नगारा वाजवणारे. मला सांगता येत नाही. ज्या हुद्द्याचा अर्थ तुम्हालाच माहीत नाही, त्याच्यासाठी रिकाम्या दरवाज्यात कशाला उभे राहता? कागद वाचून घ्या, अर्थ कळवा, मग मी येतो.’ शब्द दिला त्यानं. खाली सही केली आहे.

म्हणून लवकर वाच. दसऱ्याले चार महिने आहेत. मले पासष्ट झाले फकीर, अन् मले आणखी एकदा पडायचं नाही.

तुहा,
किसनराव

बुऱ्हानपूर
ता. २२ जून १९२७

किसन्या,

दीड वर्षानं पत्र लिहितो अन् ते कामाचं. तुह्यासारखा मतलबी माणूस वऱ्हाडात दुसरा नसन. तरी तुह्यं पत्र जहांआराकडून तीन खेपा मोठ्यानं वाचून घेतलं, आपली बोली कानावर पडावी म्हणून. इथं जावई भला आहे, खायलेप्यायले कमी नाही. पण दिवसभर हातमागाचा खटखटाट, अन् मी ‘काऊन’ म्हटलं का जहांआराची सासू पदर तोंडाले लावते. आताशा मी बोलतच नाही. घरात सगळ्याइले वाटते म्हातारा समजूतदार झाला.

कागद पोचला. अक्षर वाकडं आहे अन् एक कोपरा वाळवीनं खाल्ला. पण तुह्या सवालाचं उत्तर द्यायले कागदही लागत नाही. ‘सर’ म्हणजे डोकं, मुख्य. ‘नौबत’ म्हणजे पाळी. पाळी बदलली का नगारा वाजवत, म्हणून नगाऱ्यालेही तेच नाव पडलं. कचेरीतल्या त्या शहाण्याले तेवढंच माहीत आहे. सरनौबत म्हणजे पहाऱ्याच्या पाळ्याइचा मुख्य. बहामनी बादशहाच्या महालावर खाशा शिपायाइचा पहारा असे. त्याइच्या तुकड्या आळीपाळीनं चढत अन् उतरत. त्या सगळ्याइवर जो अंमलदार, तो सरनौबत. बादशहा झोपे तो याच्या भरवशावर. पुढं मराठ्याइच्या राज्यात फौजेवरच्या मोठ्या सरदारालेही हाच हुद्दा मिळाला.

तुहा कागद निंबखेडचाच आहे. कोण्या बादशहाचा शिकारीचा मुक्काम तुमच्या गढीत पडे, तवाच्या पहाऱ्याबद्दल त्यात हुकूम लिहिला आहे. बाकीचं नीट लावतो अन् मंग लिहितो. तोपर्यंत पोराले एवढं कळव, का हुद्दा मोठा होता.

फकीर मोहम्मद

निंबखेड
ता. ८ जुलै १९२७

फकीर,

तुह्या तोंडात साखर पडो. पत्र घेऊन मी पिंपळगावच्या बाजारात गेलो अन् मास्तरापासून कासारापर्यंत सगळ्याइले वाचून दाखवलं. त्याच दिवशी निवृत्तीले लिहिलं का तुहे पूर्वज बादशहाच्या दारात उभे राह्यत, बादशहा त्याइच्या भरवशावर झोपे, अन् तू चार कारकुनाइच्या हसण्याले भितो.

त्याचं कार्ड आलं. लिहितो, ‘रजेचा अर्ज करतो. फकीरचाचांकडून कागदाचं पूर्ण भाषांतर मागवा, मला कचेरीत दाखवायचं आहे.’ कार्ड मी देव्हाऱ्यात ठेवलं आहे.

दरवाज्याले आताच तेल दिलं. खरं म्हणजे पोळ्यानंतर देत असतो. शालूबाईले सांगितलं का यंदा दसऱ्याले दोन माणसाचं पुरण घाल, पोरगा येऊन राह्यला. ती म्हणे, अजून पाऊस धड पडला नाही अन् तुम्ही पुरण काय सांगता. म्हटलं, तुले काय समजते.

एक गोष्ट मले समजली नाही. तू ‘बाकीचं मंग लिहितो’ म्हणतो. काऊन मंग? सगळं लिही, जसंच्या तसं. पोराले भाषांतर पाहिजे.

किसनराव

बुऱ्हानपूर
ता. ३० जुलै १९२७

किसन्या,

मोहरम झाला, कागद लावून झाला, तरी तीन आठवडे लिहिलं नाही. तबियत बरी नव्हती असं लिहिणार होतो. जहांआरानं लिहू दिलं नाही. ती म्हणे, अब्बा, किसनचाचाशी खोटं बोलायचं असन त कलम मले देऊ नका. म्हणून हे मी माह्या हातानं लिहून राह्यलो, अक्षर लावून घे.

तुले आधीच्या पत्रात जे सांगितलं ते खोटं नाही. पण अर्धं आहे. कागद पाहिल्याच दिवशी मले बाकीचं कळलं होतं. कागदात असं आहे:

‘निंबखेडच्या दरवाज्यावर बारा असामी, चार पाळ्या. सरनौबतानं पहाऱ्यावर स्वतः उभं राहू नये. पाळी पुरी होताच त्यानं स्वतः जाऊन त्या शिपायाले नावानं हाक मारावी अन् बसवावं. दुसऱ्याकरवी निरोप धाडू नये. ज्याले बसवलं नाही अन् जो उभा राह्यला, त्याच्या उभं राहण्याचा दोष सरनौबतावर.’

पुढचा कोपरा वाळवीनं खाल्ला. पण एवढं साफ आहे.

किसन्या, सरनौबत उभा राहत नव्हता. सरनौबत उभ्या माणसाले बसवत होता. बादशहा गेले, बारा शिपाई गेले, मंग दरवाज्यात उभं राहायले तुह्या घराशिवाय कोणी उरलं नसन. कोण्या पणज्याले वाटलं असन का दरवाजा सुना कसा ठेवावा. तो उभा राह्यला अन् त्याच्या बायकोनं त्याले उतरवलं. तवापासून तुमच्या घरात सरनोबताचं काम बाया करून राह्यल्या अन् शिपायाचं काम सरनोबत. बत्तीस वर्षं तुह्या घरात सरनोबत झुंबरबाई होती.

हे वाचून तुले काय वाटन ते मले ठाव आहे. निवृत्ती हसन, अन् येणार नाही, हेही मनात आलं. म्हणूनच गप्प होतो.

फकीर

निंबखेड
ता. ५ ऑगस्ट १९२७

फकीर मोहम्मद यास,

माहा बाप, आजा, पणजा, सगळे चुकीच्या कामापायी उन्हात उभे होते, असं तुह्यं म्हणणं. इथं असता त तोंडावर सांगायची तुही हिंमत झाली नसती.

कागद परत पाठव. पत्र लिहू नको.

कि. सरनोबत

बुऱ्हानपूर
ता. १२ ऑगस्ट १९२७

कागद पाठवतो. पत्र लिहू नको म्हणतो, तर हे पत्र नाही, कागदाभोवती गुंडाळलेली चिठ्ठी आहे.

मी तुले दुसरा मजकूरही लिहून पाठवू शकत होतो. निंबखेडात फारसी वाचणारं कोण आहे? तू खूश झाला असता, पोरगा आला असता. आठ दिवस तोच विचार करत होतो. मंग वाटलं, या दुनियेत मले ‘फकीऱ्या’ म्हणणारा एकच माणूस उरला, अन् त्याले मी फसवलं त मंग माह्याजवळ काय राह्यलं.

रागावून झालं का लिही. मी कुठं जात नाही.

निंबखेड
ता. २४ सप्टेंबर १९२७

फकीऱ्या,

राग गेला असं नाही. पण राग धरून एकटं बसायले जीव पुरत नाही.

या आठवड्यात अविधवा नवमी झाली. झुंबरबाईच्या नावानं शालूबाईले सवाष्ण म्हणून जेवू घातलं. पहिला घास घेतला अन् ती थांबली. म्हणे, ‘दाजी, झुंबरताई शेवटपर्यंत दाराकडं पाहत होती. मान कलली तरी डोळे दाराकडं.’ सहज बोलली ती, अन् जेवून घरी गेली. मी ताट तसंच ठेवून बसलो.

तुले हे कधी लिहिलं नाही, आता लिहितो. झुंबर शेवटचे आठ दिवस निवृत्तीची वाट पाहत होती. तार केली होती. दर घडीले विचारायची, ‘आला का?’ मी म्हणायचो, ‘येऊन राह्यला, आज येते.’ हातातलं बळ गेलं, तोंडातलं पाणी गेलं, तरी ती थांबलेली. वैद्य म्हणे, कशाच्या जोरावर आहे काही समजत नाही. मले समजत होतं. नवव्या दिवशी सकाळी गेली.

तुह्या कागदात लिहिलं आहे का दोष सरनोबतावर. ते खरं आहे फकीर. माह्या घरात एक बाई आठ दिवस पहाऱ्यावर होती. तिच्याजवळ बसून, तिचा हात धरून म्हणायले पाहिजे होतं, ‘झुंबर, झाली तुही नौबत, बस आता.’ बत्तीस वर्षं तिच्या तोंडून ऐकलेले शब्द, मले एकदा म्हणता आले नाही. मी तिले रोज आणखी एक दिवस उभं ठेवलं.

अन् त्याच्या पुढचंही ऐक. निवृत्ती दुसऱ्या दिवशी आला. तार त्याले उशिरा मिळाली होती, त्याच्या हातातच होती. दारात चार माणसं बसलेली. मी सगळ्याइसमोर त्याले म्हटलं, ‘पहाऱ्यावरून पळालेला माणूस आमच्या घरात येत नाही.’ ज्याची माय कालच गेली त्या पोराले मी असं बोललो. तो उंबऱ्यावरूनच मागं फिरला. तेरावं होईपर्यंत शालूबाईच्या ओसरीवर राह्यला अन् गेला. तवापासून आला नाही. तुले मी नुसतं ‘येत नाही’ एवढंच लिहिलं होतं.

काल त्याले पत्र टाकलं. सरनोबताचा अर्थ जसा आहे तसा लिहिला. म्हटलं, हसायचं असन त हास. अन् लिहिलं का पोरा, मी आता उभा राहणार नाही, तवा तुले उतरवायले यायची गरज नाही. तीन वर्षं मी तुले नागपुरात उभं ठेवलं. तुही नौबत झाली. माफी काही मांगितली नाही, मले ते जमत नाही.

आता दसऱ्याले मी काय करू, सांग. मिसरूड फुटल्यापासून हा दिवस दरवाज्यापाशी गेला, पहिले बापाजवळ, मंग एकटा. यंदा मोकळा आहे, अन् तो मोकळा दिवस मले खाऊन राह्यला. सुना दरवाजा पाहत गावात राहवणार नाही. घट बसले का निघतो. नांदुऱ्याले गाडी, भुसावळले बदली, तुह्याकडं येतो. जहांआराच्या सासूले सांगून ठेव का दोन म्हातारे ‘काऊन, काऊन’ करतीन, तिनं पदर तयार ठेवावा.

किसन

निंबखेड
ता. ७ ऑक्टोबर १९२७

ती. फकीरचाचांना निवृत्तीचा नमस्कार व आदाब.

बाबा तुमच्याकडे आहेत असं शालूमावशी म्हणाल्या, म्हणून तुम्हाला लिहितो. हे पत्र बाबांना दाखवू नका.

मी काल, दसऱ्याच्या दिवशी, इथे आलो. मला तीन आठवड्यांची रजा मिळाली होती. घट बसायच्या आधीच नागपूर सोडलं, हिला अकोल्याला माहेरी पोचवलं, तिथे थोडे दिवस राहिलो. येतो म्हणून बाबांना कळवलं नाही. त्यांनी मला दरवाज्यात अचानक बघावं असं वाटत होतं. अकोल्याहून निघालो तेव्हा गाडीत ते दोन शब्द मनातल्या मनात म्हणत होतो. इतकी वर्षं आईच्या तोंडून ऐकले, पण स्वतः कधी म्हटले नव्हते.

सूर्य उगवताना वेशीपाशी उतरलो आणि तसाच गढीवर गेलो. दरवाज्यात कोणी नव्हतं. घराला कुलूप. शालूमावशी सडा घालत होत्या. त्या म्हणाल्या, ‘तुहे बाबा बुऱ्हानपूरले गेले. यंदापासून उभं राहणं बंद, असं सांगून गेले. तुले पत्र टाकलं म्हणत होते.’ ते पत्र मला मिळालेलं नाही. नागपूरला पडलं असेल.

ते आजारी असतील म्हणून मी घाबरलो, मग रागावलो. मी तीन वर्षं आलो नाही, आणि आलो त्या वर्षी ते निघून गेले. वाटलं, हा मला दिलेला जबाबच आहे. तसाच स्टेशनवर परत जाणार होतो. पण गढीवरून जाताना तो रिकामा दरवाजा पाहिला, यंदाही तेल दिलेला, आणि पाय पुढे गेले नाहीत. पिशवी खाली ठेवली आणि उभा राहिलो.

तलवार कुलपात होती. नुसताच उभा होतो. येणारेजाणारे थांबत, बघत, आणि पुढे जात. उन्हं चढली तसे माझे कान आमच्या घराकडे लागले. दुपारच्या सुमाराला आई येत असे ना. आई नाही हे मला कोणी सांगायला नको होतं चाचा, तरी कान तिकडेच. शालूमावशी पाणी घेऊन आल्या आणि म्हणाल्या, ‘बस रे बाबा, म्हटलं ना बस.’ मी म्हटलं, ‘मावशी, तुम्ही घरच्या नाहीत.’ बोलून गेलो आणि लक्षात आलं की हे वाक्य बाबांचं आहे. ज्याच्यावर मी नागपूरला मित्रांत हसत असे तेच.

मग मला एकेक करून बाबांचे तीन दसरे समजले. ते दरवाज्याची राखण करत नव्हते, माझी वाट पाहत होते. मला अर्थ हवा होता, कागद हवा होता. खरं म्हणजे मला काही नको होतं. त्यांनी आईच्या दिवसांत मला जे म्हटलं ते मनातून जात नव्हतं, म्हणून मी अटी घालत बसलो.

दिवेलागणीला माझे पाय गेले. खाली बसलो. उतरलो असं नाही म्हणता येणार, उतरवायला घरचं कोण होतं? शालूमावशींच्या ओसरीवर आहे. माझी रजा पुढच्या शनिवारपर्यंत आहे. तुम्ही बाबांना एवढंच विचारा, की त्या दिवशी मला पळालेला म्हणाले होते, ते अजून तसंच धरायचं का. ते हो म्हणाले तर मी आधीच निघतो.

आपला,
निवृत्ती

बुऱ्हानपूर
ता. ११ ऑक्टोबर १९२७

बेटा निवृत्ती,

बाबांना दाखवू नका असं तू लिहिलं. आमच्या घरात पत्र जहांआरा मोठ्यानं वाचते, अन् आज सकाळी पत्र आलं तवा तुहा बाप माह्या शेजारी चहा पीत बसला होता. तुह्यं नाव ऐकलं अन् बशी हातातच राह्यली. ‘तुम्ही घरच्या नाहीत’ हे आलं तवा थोडा हसला. ‘कान तिकडेच’ हे वाचलं अन् जहांआरानं पत्र माह्या हातात दिलं, मंग पुढचं मी वाचलं. ‘पाय गेले’ इथपर्यंत आलो अन् तो उठला.

मी म्हटलं, कुठं? म्हणे, ‘पोरगा उभा आहे.’ मी म्हटलं, अरे किसन्या, दसऱ्याले पाच दिवस झाले, तो कवाचा बसला, जेवला, झोपला. पागोटं बांधता बांधता म्हणे, ‘बसला असन. त्याले कोणी बस म्हटलं नाही.’ तुहा शेवटचा सवाल मी त्याले वाचून दाखवणार होतो, पण तो ऐकायले थांबला नाही. माहा निरोप घ्यायचाही राह्यला.

तुले त्याचं पत्र मिळालं नाही, म्हणून कागदात काय आहे ते मी सांगतो. सरनोबत म्हणजे दरवाज्यात उभा राहणारा नाही. पाळी पुरी झाली का स्वतः चालत जाऊन, उभ्या माणसाले नावानं हाक मारून बसवणारा, तो सरनोबत. त्यानं दुसऱ्याकरवी निरोप पाठवायचा नाही, म्हणून मीही तुले त्याच्यातर्फे काही सांगत नाही. एवढंच सांगतो, का जन्मभर तो चुकीच्या जागी उभा होता, हे त्याले माह्या भाषांतरानं पटलं नव्हतं; तुह्या पत्रानं तो आज चालत निघाला.

तो स्टेशनावर गेला अन् मागून आमच्या गल्लीतला रज्जाक आला. त्याची लॉरी सूत घेऊन आजच मलकापूर, नांदुऱ्याकडं निघाली. तुह्या बापाले सांगायले मी धावत गेलो, तोवर गाडी सुटली होती. भुसावळले बदलीच्या गाडीसाठी त्याले बसून राहावं लागन. तो उद्या सकाळी निंबखेडले पोचन. ही चिठ्ठी रज्जाकजवळ देतो, तो आज संध्याकाळी तुह्या हातात देईन.

इथं तेरा-चौदा दिवस घरात माही बोली होती. आता पुन्हा माग ऐकत बसलो. ते राहू दे.

त्याले बोलायले जमत नाही, तुले ठाव आहे. माफी तर त्याच्या तोंडून निघणारच नाही. त्याच्याजवळ दोनच शब्द आहेत, अन् ते उभ्या माणसालेच म्हणता येतात. म्हणून उद्या सकाळी वेशीकडून गाडी येताना दिसली का ओसरीवरून उठ, अन् दरवाज्यात जाऊन उभा राह.

फकीरचाचा